नाना ‘सोडा’ म्हणेपर्यंत

नानांच्या नंबरवरून फोन आला की मी कधी ‘हॅलो’ म्हणत नसे. थेट विचारायचो, “आलं का नवीन?” माझे सासरे मला दोनच कारणांनी फोन करत. एक, दिवाळीला कधी येताय ते विचारायला. आणि दुसरं, आमच्या ट्रकच्या गेमचं नवीन अपडेट आलंय, कोणी हात लावू नका, हे बजावायला. त्या दिवशी सकाळी मी जळगावात आमच्या ठिबकच्या नळ्यांच्या दुकानाचं शटर वर करत होतो. फोन वाजला, नाव पाहिलं आणि सवयीने म्हणालो, “बोला नाना, आलं का नवीन?” पलीकडून सासूबाईंचा, नानींचा आवाज आला. “पाव्हना, स्वातीले लीसन या. तुम्हना नाना उठी नही राह्यनात.” जळगाव ते धुळे हा रस्ता मी इतक्या वेळा केलाय की डोळे मिटून सांगेन कुठे खड्डा आहे, पण त्या दिवशीचा रस्ता मला आजही आठवत नाही. स्वाती शेजारी बसून सारखं एकच म्हणत होती, “कालच बोलले रे माझ्याशी...” आम्ही पोचलो तेव्हा अंगणात चपलांचा ढीग झाला होता.

नाना एसटीत वाहतूक नियंत्रक होते. धुळ्याच्या स्टँडवर त्यांना सगळे कंट्रोलर साहेब म्हणत. खिडकीत बसायचं, गाड्यांच्या वेळा लावायच्या, लाउडस्पीकरवर पुकारा करायचा आणि गाडी सोडायची. त्यांच्या तोंडी ‘सोडणे’ या क्रियापदाला फार मान होता. गाडी निघत नाही, गाडी सोडावी लागते, असं ते म्हणत. घरी मात्र पुकारा बंद. लग्नानंतरची कित्येक वर्षं आमचं संभाषण म्हणजे “गाडी वेळेवर होती?” आणि “हो.” मी स्वतःच्या मोटरसायकलवर आलो असलो तरी “हो” म्हणायचो, उगाच विषय कशाला वाढवा! मग आम्ही सोफ्याच्या दोन टोकांना बसून समोरच्या भिंतीकडे बघत राहायचो, ते नानींनी शेवभाजीचं ताट आणून माझी सुटका करेपर्यंत. सासऱ्याशी बोलायचं काय, हे मला कोणी शिकवलं नव्हतं. जावयाशी काय बोलायचं, हे त्यांनाही कोणी शिकवलेलं दिसत नव्हतं.

निवृत्तीनंतर ते काही महिने रोज स्टँडवर जाऊन बसत. एकदा नव्या कंट्रोलरने उठून त्यांना आपली खुर्ची दिली आणि स्वतः उभा राहून काम करू लागला. नानांना इतकं ओशाळल्यासारखं झालं की ते पुन्हा तिकडे फिरकले नाहीत. घरात बसून भिंतीवरच्या घड्याळाकडे बघू लागले. स्वातीला ते बघवेना. तिने आमचा जुना कम्प्युटर धुळ्याला पाठवला आणि त्यात ट्रक चालवायची गेम टाकून द्यायचं काम माझ्याकडे आलं. गंमत अशी, की ज्या माणसाने आयुष्यभर हजारो गाड्या सोडल्या, त्याने स्वतः एकही चालवली नव्हती. स्कूटरसुद्धा नाही. पहिल्याच दिवशी त्यांनी निळ्या रंगाचा ट्रक निवडला, मनगटी घड्याळ काढून कीबोर्डशेजारी ठेवलं आणि कुठल्याशा परदेशी महामार्गावर सायकलच्या वेगाने निघाले. मागच्या गाड्या हॉर्न वाजवून वेड्या झाल्या. नाना शांतपणे म्हणाले, “वाजाडू द्या. आपली वेळ आपल्यापाशी.”

मग त्यांनी मला आणि सावद्याच्या आबांनाही त्यात ओढलं. आबा त्यांच्याच डेपोतले निवृत्त ड्रायव्हर, आता केळीची बाग बघतात. बायको गेलेली, मुलगा पुण्याला. त्याचा कम्प्युटर घरात नुसता पडून होता. खऱ्या रस्त्यावर आबांच्या गाडीला कधी ओरखडा आला नसेल, पण गेममध्ये ते दर वळणावर दुभाजकावर चढायचे. “ह्याले क्लचच नाही, मी काय करू?” अशी त्यांची कायमची तक्रार. तिघांनी एका रस्त्यावर एकामागोमाग ट्रक न्यायचे अशी सोय त्या गेममध्ये आहे, आणि दर रविवारी सकाळी आमचा तो ताफा निघू लागला. जळगाव, धुळे, सावदा... कानाला हेडफोन लावून तिघंही गप्पा मारत. सोफ्यावर ज्यांच्याशी मला चार वाक्यं बोलता आली नव्हती, ते नाना ट्रकमध्ये बसले की सुटायचे. स्वाती लहानपणी पुकारा ऐकून गावांची नावं पाठ म्हणायची, हे मला तिथे कळलं. आपल्याला खरं तर ड्रायव्हरच व्हायचं होतं, डोळ्यांच्या तपासणीत अडकलो, हेही त्यांनी असंच एका उताराला लागल्यावर सांगितलं. बायकोलाही सांगितलं नव्हतं म्हणे. नानी मागे बसून मेथी निवडत होत्या, त्या म्हणाल्या, “माले ठाऊक व्हतं.”

आता अपडेटचं. ताफ्यात जायचं तर तिघांच्या कम्प्युटरवर गेमची आवृत्ती सारखी लागते. एकाचं अपडेट झालं आणि दुसऱ्याचं राहिलं, की दोघं एकमेकांना भेटूच शकत नाहीत. हे आम्हाला कुठे माहीत होतं? एका रविवारी बसलो, तर माझी गेम मला न विचारता आपोआप अपडेट होऊन बसलेली, नानांची आणि आबांची जुनीच. नाना कडाडले, “कोनाले इचारीसन गाडी सोडी तुम्हीन?” मी म्हटलं, नाना, मी काही केलं नाही, ते आपोआप होतं. हे वाक्य मी उच्चारायला नको होतं. ‘आपोआप’ हा शब्द त्यांना शिवीसारखा लागला. माझ्याकडून सगळं समजून घेऊन त्यांनी त्याच दिवशी हुकूम काढला: तिघांनीही सेटिंगमध्ये जाऊन ‘गेम उघडू तेव्हाच अपडेट’ हा पर्याय निवडायचा. अपडेट आलं की नाना फोन करणार, आणि त्यांनी ‘सोडा’ म्हटल्याशिवाय कोणी गेम उघडायचीसुद्धा नाही.

सोडण्याचा क्रमही ठरलेला. आधी आबा. सावद्याला आबांच्या मळ्यातलं नेट म्हणजे ठिबकच होतं, थेंब थेंब यायचं. त्यात वीज गेली की सगळं तिथेच. एका मोठ्या अपडेटला आबांना दोन दिवस लागायचे. ते पूर्ण झाल्याचा फोन आला की नाना स्वतःचं करत, आणि मग मला परवानगी. एकदा आबांचं सगळं होऊन नाना ‘सोडा’ म्हणणार, तेवढ्यात आबाच म्हणाले, “आज अमावस्या हाये, उद्या करा.” झालं! परदेशातल्या कंपनीने काढलेलं अपडेट खानदेशात प्रतिपदेला सुरू झालं. असंच एका अपडेटच्या वेळी धुळ्याला गेलो असताना मी वैतागून म्हणालो होतो, “नाना, जग कुठल्या कुठे गेलं आणि आपण इथेच उभे!” त्यावर त्यांनी घड्याळाकडेसुद्धा न बघता उत्तर दिलं, “जग जाऊ द्या. आबा मांगे शेत.” आबा मागे आहेत, म्हणून आपण थांबायचं! मला तेव्हा हसू आलं होतं. जळगावला येताना स्वातीला ते वाक्य मी नानांच्या आवाजात करूनही दाखवलं होतं.

नाना गेले आणि दिवसकार्य आटोपेपर्यंत गेमची आठवणही झाली नाही. नंतर एका रविवारी सकाळी सवयीने कम्प्युटरसमोर बसलो, तर यादीत त्या गेमसमोर ‘अपडेट बाकी’ असं लिहून आलेलं. उघडली असती तर ते लगेच सुरू झालं असतं... मी उघडली नाही. आबांना फोन केला. त्यांच्याकडेही तेच. “मंग?” आबांनी विचारलं. मी म्हणालो, बघू. आम्ही दोघांनी अपडेट केलं, की धुळ्याच्या त्या खोलीतला निळा ट्रक जुन्या आवृत्तीत एकटा राहणार होता, आणि आम्ही त्याला पुन्हा कधी भेटू शकणार नव्हतो. वेडेपणा आहे, मला कळतं. नाना काही त्या पेटीत बसलेले नव्हते. पण माझा हात पुढे होईना, आणि आबांचाही होत नव्हता. पुढच्या रविवारी आम्ही फोनवर केळीच्या भावाबद्दल बोललो. त्याच्या पुढच्या रविवारी पावसाबद्दल, जो यायला अजून खूप अवकाश होता. मग आबा म्हणाले, “पाव्हने, मी तो कम्प्युटर देऊन टाकतो कोनाले तरी. नुसता धूळ खाऊ राह्यला.” त्यांच्या आवाजात तक्रार नव्हती, आणि म्हणूनच मला भीती वाटली. नाना गेलेच होते, आता आबाही माझ्या हातून चालले होते. त्या मळ्यात त्या माणसाशी रविवारी तासभर बोलणारं दुसरं कोण होतं?

आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, आम्ही धुळ्याला गेलो. गेलेल्या माणसाच्या नावाने घागर भरायचा तो सण. यंदा घागर नानांची होती. आमरस-पुरणपोळीचं जेवण झालं आणि नानींनी अचानक विचारलं, “आबा बोलतस का रविवारले?” मी खरं ते सांगितलं. अपडेट आलंय, आम्ही उघडत नाही, उघडलं की नाना मागे राहतील. बोलता बोलता मलाच ते खुळ्यासारखं वाटू लागलं. नानींनी सगळं ऐकून घेतलं. मला वाटलं त्या पदर डोळ्यांना लावतील. त्या चक्क रागावल्या. “मंग त्यासन्या कम्प्युटरमा बी करा ना! कोनी मना करं? ह्या मानूसनी उभा जलम गाड्या सोड्यात. त्यासना नावावर गाडी अडकी पडनी, हाई त्यासले चालतं का?”

मी उठलो. नानांच्या खोलीत गेलो. खुर्चीवर कोणीतरी धुतलेली उशी ठेवली होती, ती उचलून बसलो आणि आधी सावद्याला फोन लावला. “आबा, सोडा.” मला वाटतं त्यांनी विचारलंही नाही, कोणी सांगितलं म्हणून. त्यांचं अपडेट पूर्ण व्हायला दुसऱ्या दिवसाची दुपार झाली. आम्ही मुक्काम वाढवला. मग नानांचं सुरू केलं. नानी दारात उभ्या राहून पट्टी पुढे सरकताना बघत होत्या. ती संपली, गेम उघडली, आणि निळा ट्रक एका गोदामाच्या आवारात जिथे लावला होता तिथेच उभा दिसला. आबांना ताफ्यात जोडून घेतलं आणि मी बाजूला झालो. नानी सरळ खुर्चीत बसल्या आणि स्पीकरकडे तोंड करून म्हणाल्या, “आबा, हाई पुढे कशी जास?” तिकडे सावद्याला आबांनी घसा साफ केला. “वहिनी, आधी हँडब्रेक काढा.”

जळगावला परतून मीही माझं अपडेट करून घेतलं. त्या रविवारी सकाळी आम्ही तिघं जमलो. नानींनी ट्रक फाटकाच्या खांबावर घातला, मागे घेतला, पुन्हा त्याच खांबावर घातला. आबा शांतपणे सांगत होते, डावीकडे, अजून डावीकडे... शेवटी नानी वैतागल्या. “तुम्ही दोन्ही निंघा पुढे. मी येस मंग.” आबा म्हणाले, “नाही वहिनी, या सावकाश. रस्ता कुठे जात नाही.” सासऱ्याच्या मयतीत जावयाने रडायचं नसतं, धावपळ करायची असते, तशी मी ती सगळी केली होती, लाकडांपासून जेवणावळीपर्यंत. त्या सकाळी महामार्गाच्या कडेला ट्रक उभा करून मी माइक बंद केला आणि पोटभर रडलो. डोळे पुसून पाहिलं, तर नानींची गाडी फाटकाबाहेर आली होती.