बाबलकाकांची रिळं

बाबलकाका सकाळी तोंड धुण्याआधी माळ्यावरचे पत्र्याचे डबे उघडायचे आणि एकेकात नाक घालायचे. फिल्म नासायला लागली की आंबूस वास येतो. "मासो आणि फिल्म, दोनय वासार कळतत," म्हणायचे. माळ्याखाली चूल पेटेलच अशी खात्री नसायची. धाकटा भाऊ गोपाळ गलबतासकट बुडाला, तेव्हापासून त्या घरात धड कमावणारं कुणी उरलं नव्हतं.

तरुणपणी काका मुंबईच्या एका फिल्म कंपनीत कॅमेरा वाहायचे. कंपनीने मालवणच्या बंदराचं चित्रण केलं होतं. शिडं भरलेली गलबतं, आणि फळीवरून पोतं घेऊन उतरणारा गोपाळ. कंपनी बंद पडली तेव्हा कुणालाच नको असलेली ती रिळं काका घरी घेऊन आले. चालवायला मशीन नव्हतं. फिल्मचा तुकडा उजेडाकडे धरून मला, शेजारच्या पोराला, दाखवायचे, "हो बघ गोपाळ. पण उभो आसा रे. माका तो चलताना बघूचो आसा."

काकी खालून म्हणायची, "मेल्यांका माळ्यार ठेवलात, जित्यांका काय वाढू?"

पुढे बंदरातली गलबतं कमी झाली आणि मुंबईच्या एका निर्मात्याला नव्या चित्रपटासाठी जुनं बंदर हवं झालं. वाडीतला पहिला ग्रॅज्युएट मी. पत्रव्यवहार इंग्रजीत मीच केला, आणि चांगला केला. ठरलं असं, की निर्मात्याच्या कंपनीने सगळ्या रिळांची नवी प्रत काढायची, हवं ते वापरायचं आणि मालवणच्या सिनेमाच्या तंबूत सगळं एकदा काकांना चालवून दाखवायचं.

कंपनीच्या माणसाला आणायला काका कणकवलीला गेले. मे महिना होता. पावसाआधी आमच्याकडे घरातलं सगळं उन्हात पडतं, कोकमाची सोलं, सुके बांगडे, गोधड्या. काकीने डबे उघडले तर वास. पाहुण्यापुढे असा माल कसा ठेवायचा? तिने फिल्म उलगडून घरापुढच्या खळ्यात चटयांवर पसरली, उडू नये म्हणून वर दगड ठेवले. एका रिळापुरती चटई उरली नाही, ते डब्यातच राहिलं.

दोघे दुपारी पोचले. फिल्म आक्रसून कडक झाली होती. पाहुण्याने उचलली तशी पापडासारखी मोडली.

"याची प्रत निघणार नाही," तो म्हणाला.

काकी काकांकडे बघत राहिली. "वास येय होतो, म्हणान घातलंय."

काका तिच्या शेजारी बसले. "मीय घातलं असतंय," म्हणाले, आणि एकेक दगड उचलून बाजूला ठेवू लागले.

उरलेल्या रिळाची प्रत निघाली; त्यात नुसती गलबतं होती. पुढच्या मे महिन्यात चित्रपट मालवणात आला तेव्हा काका पुढच्या रांगेत बसले. शिडं दिसली, हलली, गेली. लोकांनी शिट्ट्या मारल्या.

बाहेर आल्यावर मी विचारलं, "कसा वाटला, काका?"

"बंदर आसा," ते म्हणाले. "आमचो माणूस नाय."

त्याच पावसाळ्यात ते गेले.

आमच्या बंदरातली ती गलबतं आता त्या एका प्रतीतच आहेत. ती मुंबईला असते. कुणाला नव्या चित्रपटात जुनं बंदर लागलं, तर तिथून देतात.