हक्कसोड लिहिणाऱ्या अक्का

"दादा, आधारची दोन्ही बाजूंची झेरॉक्स लागतीया. जावा, घिऊन या."

अक्का असं म्हणाल्या की मी ओळखायची, आता दहा मिनिटं तरी हा भाऊ परत येत नाही. झेरॉक्सचं दुकान रस्त्याच्या पलीकडं आणि तिथं कायम गर्दी. भाऊ फाटकाबाहेर गेला की अक्का टाइप करायचं थांबवायच्या, चष्मा कपाळावर सरकवायच्या आणि समोर बसलेल्या बहिणीकडं वळायच्या.

"हं. आता मला सांग. राजीखुशीनं देतीयास का?"

खरं तर आधारची झेरॉक्स बहुतेक वेळा त्यांच्या फायलीत आधीच लावलेली असायची.

दुय्यम निबंधकाच्या कार्यालयाबाहेर तुम्ही कधी बसला असाल तर हक्कसोडपत्र म्हणजे काय ते तुम्हाला सांगायला नको. वडील जातात, सातबाऱ्यावर भावांबरोबर बहिणींची नावं लागतात आणि थोड्याच दिवसांत एक जीप आवारात येऊन थांबते. पुढं भाऊ, मागं बहिणी, अंगावर नव्या साड्या. कागदावरचा मजकूर ठरलेला असतो. मी माझा हिस्सा राजीखुशीने, कोणाच्याही दबावाला बळी न पडता, भावाच्या लाभात सोडून देत आहे. आत साहेब विचारतात, "मान्य आहे ना?" ती मान हलवते. अंगठा होतो, कॅमेऱ्यासमोर फोटो निघतो. बाहेर येऊन सगळे मिळून मिसळ खातात.

सांगली जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी अक्का हे दस्त लिहायच्या. मी साताऱ्याहून लग्न होऊन या भागात आले, तेव्हा माझ्या वकिलीच्या सनदेची शाई वाळायची होती. पत्र्याच्या शेडमध्ये त्यांच्या शेजारचं टेबल मला मिळालं. त्या पन्नाशी ओलांडलेल्या, बारीक अंगाच्या, सुती साडीचा पदर कमरेला घट्ट खोचलेल्या. आधी टाइपरायटर होता, मग जुना कॉम्प्युटर आला, पण बोटं तशीच दणादणा आपटायची. कायद्याची कलमं त्यांना आकड्यानं सांगता यायची नाहीत. समोरच्या बाईला कळेल असा कायदा मात्र त्यांच्याइतका सोपा करून सांगणारं मी कुणी पाहिलं नाही.

"हे बग, बापाच्या जिमिनीत तुजा वाटा तुज्या भावाएवडाच हाय. त्यो भाऊ देत न्हाई, कायदा देतोय. आज सही केलीस की उद्या मागं फिरता येत न्हाई. इचार करायचा आसंल तर पोटात दुखतंय म्हन आनि ऊठ."

पोटदुखी ही त्यांची खास सोय. एकदा एका बाईनं ती इतकी मनापासून केली की घाबरलेल्या भावानं तिला जीपमध्ये घालून थेट मिरजेला नेलं. तिथं सलाइन लागलं, सोनोग्राफी झाली. चार दिवसांनी ती परत आली, अक्कांकडं बघून कसनुसं हसली आणि सही करून गेली.

बहुतेक जणी सही करूनच जायच्या. कुणी म्हणायची, माहेर तुटंल. कुणी म्हणायची, नवऱ्यानं हाकललं तर मी कुठल्या दारात उभी राहू? एक नुसतीच म्हणाली, "भाऊबिजेला कुणाला ववाळू मग?" अक्का ऐकून घ्यायच्या, चष्मा डोळ्यांवर आणायच्या आणि उरलेला कागद टाइप करायच्या.

माझा संताप व्हायचा. "अक्का, तुम्ही त्यांना नाही म्हणायला का लावत नाही?"

"आवं वकीलबाई, न्हाई म्हनून ती जायची कुटं? माज्या टेबलाखाली?"

आणि एका दुपारी, डबा खाता खाता, त्यांनी सहज विचारलं, "तुमी तुमच्या भावाला दिलंय का सोडून?"

मी हातातला घास डब्यात परत ठेवला. साताऱ्याच्या वडिलोपार्जित घरातला हिस्सा मी सोडला होता. कायद्याच्या शेवटच्या वर्षाला असताना. माझे वडील, आबा, म्हणाले होते, "तू शिकलेली, तुला काय कमी?" मला त्या बोलण्याचा अभिमानच वाटला होता. सही करताना मी पेनही स्वतःचं वापरलं होतं.

अक्का हसल्या नाहीत. लोणच्याची फोड माझ्या डब्यात ठेवून म्हणाल्या, "जेवा. सगळ्या एकाच जिपंतनं आल्याव आपन."

एक दिवस मात्र मला लख्ख आठवतो. पूर्वेकडच्या कोरड्या मुलखातली, मेंढरं राखणाऱ्या घरातली एक बाई आली होती. तिघं भाऊ झेरॉक्सला गेले. अक्कांनी नेहमीचं सगळं सांगितलं. ती बाई शांतपणे ऐकत होती. मग म्हणाली, "म्हंजे मी न्हाई म्हनलं तर मला जेल हाय का?"

"न्हाई."

"दंड?"

"त्यो बी न्हाई."

"मग कशाला देऊ? मेंढरं मी राखल्याती की." ती उठली, पदर डोक्यावर घेतला आणि पोटदुखीची मदत न घेता फाटकातून चालती झाली. भाऊ परत आले तर खुर्ची रिकामी. त्यांनी अक्कांना विचारलं, बहीण कुठं आहे? "गेली की. मला काय ठावं!" अक्का म्हणाल्या. संध्याकाळी त्यांनी शेडमधल्या सगळ्यांना सांगलीचं भडंग वाटलं. का, ते विचारणाऱ्याला "आज येकादशी न्हाई म्हनून," एवढंच उत्तर दिलं.

अक्का राहायच्या आष्ट्याला, धाकट्या भावाच्या घरामागच्या एका खोलीत. माण तालुक्यात दिलेल्या. नवऱ्यानं दुसरी आणली, तेव्हा दोन वर्षांतच एक ट्रंक घेऊन परत आल्या. वडिलांनी काही न विचारता टायपिंगच्या क्लासला घातलं. ते गेल्यावर घर-जमिनीवर भावाबरोबर अक्कांचंही नाव लागलं आणि तसंच राहिलं. मला वाटायचं, ही बाई ते कधीच सोडणार नाही.

मग रस्ता रुंद झाला, जमीन रस्त्याला आली आणि भावाला प्लॉट पाडायचे होते.

त्या सोमवारी अक्का भावाच्या मोटारसायकलवर मागं बसून आल्या. टेबलाशी बसल्या, कॉम्प्युटर लावला आणि टाइप करायला लागल्या. ‘लिहून देणार’, म्हणजे हिस्सा सोडणारी, म्हणून स्वतःचं नाव त्यांनी घातलं तेव्हा मी पाहिलं. मला दुसरं काही सुचलं नाही. मी भावाला म्हणाले, "दादा, आधारची दोन्ही बाजूंची झेरॉक्स लागते. घेऊन या जरा."

भाऊ हसला. "मॅडम, ती आक्कानं कालच काढून ठिवलीया."

अक्कांनी मान वर केली नाही. त्या पाणी प्यायला माठाशी उठल्या तेव्हा मी मागोमाग गेले. "अक्का, राजीखुशीनं?"

"आय त्याच्या घरात हाय, वकीलबाई. हातरुनात. रोज तिचं आंग पुसाय मला त्याच्या दारातनं जावं लागतंय." पाणी न पिताच त्यांनी पेला पालथा घातला. "काल आयच म्हनली, माज्या डोळ्यादेखत भांडान नगं. आता सांगा, कुनाच्या पोटात दुखतंय म्हनू?"

कायद्याला दबाव म्हणजे गळ्यावरचा हात कळतो. आजारी आईचं अंथरूण कुणाच्या घरात आहे, हे विचारायला त्याच्या कागदावर रकाना नाही. इतकी वर्षं मी बायकांच्या हक्कांवरच्या भाषणांत जे बोलत आले, ते त्या दिवशी मला माठाशेजारी समजलं.

आत साहेबांनी मजकूर वाचायला घेतला. शेवटाकडं ते थांबले आणि मोठ्यानं वाचलं, "मागील बाजूच्या खोलीत लिहून देणार यांना हयातभर राहण्याचा हक्क राहील."

भाऊ वळला. "हे कवा घातलंस?"

"मगाशी."

"खोड."

"खोडलं तर नवा कागुद, नवा नंबर. आज व्हायचं न्हाई." अक्का त्याच्याकडं न बघता बोलत होत्या. "तुजं प्लॉटचं गिऱ्हाईक गाडीत बसलंय न्हवं भाईर?"

भावानं खिडकीतून बाहेर पाहिलं. "ऱ्हाऊंद्या," तो साहेबांना म्हणाला.

बाहेर आल्यावर मी अक्कांचा हात धरला. आम्ही दोघी जिंकल्यासारख्या हसलो. चाळीस गुंठ्यांतली एक खोली राखल्याचा आनंद किती असावा? आम्हाला तेव्हा खूप झाला.

त्यानंतर बराच काळ अक्कांनी कुणालाच झेरॉक्सला पाठवलं नाही. माझ्या कानावर त्यांचा कीबोर्ड न थांबता पडायचा. मी एकदा म्हणाले तर म्हणाल्या, "कुटल्या तोंडानं इचारू?"

आई वर्षाच्या आत गेली. भावानं पुढं नवं दुमजली घर काढलं. कागदाप्रमाणं अक्कांच्या खोलीला त्यानं हात लावला नाही. फक्त तिच्या खिडकीसमोर, हातभर अंतरावर, नव्या घराची भिंत उभी राहिली. मी बघायला गेले होते. दार उघडलं तर आत ट्रंक, गॅस, खाट, आणि भर अकरा वाजता दिवा लागलेला. खिडकी उघडी होती. बाहेर हात घातला तर बोटं सिमेंटला टेकत होती. हवासुद्धा तिथं येऊन अडकल्यासारखी वाटत होती.

"खोलीचा हक्क लिवला," अक्का म्हणाल्या. "उजेडाचा लिवायचा ऱ्हायला. लिवनाऱ्या बाईची चूक."

"दावा लावू. वर्षानुवर्षं मिळणारा उजेड असा बंद करता येत नाही."

"भावावर?"

त्यांनी स्टोव्हच्या काळापासूनचं एक तवलीएवढं भांडं काढलं, चहा टाकला, आणि तो विषय त्या दिवशी पुन्हा निघाला नाही.

दुसऱ्याच आठवड्यात मात्र शेडमधून आवाज आला, "दादा, झेरॉक्स लागतीया." मी मान वळवली. अक्का समोरच्या बहिणीला सांगत होत्या, "द्यायचंच आसंल तर दे. पन काय ठिवतीयास ते लिवून घे. खोली, खोलीची खिडकी, हिरीवर जायची वाट, आयला भेटायचं. सगळं लिव. मी फुकट टाइप करून देती." त्यानंतर त्यांचे हक्कसोड लांबत गेले. एका पानाचे तीन पानी झाले. साहेब वैतागायचे, भाऊ लोक चुळबुळायचे. काही बहिणी घेऊन जायच्या लिहून, काही नको म्हणायच्या.

पावसाळ्यानंतर एका सकाळी अक्का माझ्या टेबलाशी आल्या. हातात वकीलपत्र, त्यांनी स्वतःच टाइप केलेलं. "लावा दावा. खोलीला बुरशी आलीया. रातच्याला दम लागतोय."

समन्स गेल्यावर भाऊ बोलायचा बंद झाला. भावजयीनं अंगणातल्या नळाला कुलूप घातलं. अक्का पहाटे घागर घेऊन शेजारच्या गल्लीत जायच्या आणि तारखेला वेळेवर यायच्या. मी सांगायची, तुमची गरज नाही, मी बघते. तरी त्या यायच्या आणि कोर्टाच्या व्हरांड्यात, ऊन पडतं त्या बाकावर बसायच्या. तारीख पडली की उठून टेबलाकडं जायच्या.

कोर्टानं पाहणीसाठी माणूस पाठवला. त्यानं अहवालात लिहिलं की, दुपारी बारा वाजता खोलीत मोजमापाच्या टेपवरचे आकडे वाचायला मोबाइलचा टॉर्च लावावा लागला. अक्कांनी ते वाक्य माझ्याकडून दोनदा वाचून घेतलं आणि तिसऱ्यांदा स्वतः वाचलं. "लिवलं बगा कोर्टानं. अंधार हाय म्हनून." इतकी वर्षं दुसऱ्यांची वाक्यं लिहिणाऱ्या त्या बाईच्या चेहऱ्यावर, स्वतःबद्दलचं एक खरं वाक्य वाचताना, लहान मुलीसारखं काहीतरी उमटलं.

निकाल लागला नाही. न्यायाधीश बदलले, तारखा पडत गेल्या. या वर्षी उन्हाळ्याच्या तोंडाला अक्कांना मिरजेच्या दवाखान्यात नेलं. नेलं भावानंच, त्याच्याच गाडीतून. मी भेटायला गेले तर तो पायऱ्यांवर बसला होता. "मॅडम," तो म्हणाला, "एकदा नुस्तं भिंत पाड म्हनली आसती तर…" आणि थांबला. ती म्हणाली नव्हती की त्यानं ऐकलं नव्हतं, ते मी विचारलं नाही. त्याला रडू आवरत नव्हतं आणि ते खोटं नव्हतं.

तिसऱ्या दिवशी अक्का गेल्या. हयातभराचा हक्क हयातीबरोबर संपला, म्हणून दावाही संपला. पुढच्या तारखेला मी तसा अर्ज घेऊन कोर्टात गेले. पण त्या दिवसाच्या यादीत प्रकरण होतंच, तेव्हा शिपायानं रीतीप्रमाणं व्हरांड्यात येऊन त्यांच्या पूर्ण नावाचा पुकारा केला. एकदा. दोनदा. तिसऱ्यांदा जरा मोठ्यानं.

बाकावर बसलेल्या एका अनोळखी बाईला वाटलं, कुणीतरी येतंय. तिनं मांडीवरची पिशवी उचलली आणि सरकून शेजारी जागा केली.