कोर्टाच्या खिडकीत धरलेलं गुणपत्रक

मित्रांनो, सकाळी सुरतच्या कोर्टात जाऊन आलो, डोकं अजून तापलेलं आहे.

माझी मुलगी शाळांच्या जिल्हा नृत्यस्पर्धेत एका गुणाने दुसरी आली. पहिली येईल तीच परवा राज्यस्पर्धेला जाणार. गुणपत्रकात तिचे नऊ खोडून सात केलेत, शेजारी सही नाही. म्हणून मी दाद मागितली.

आयोजकांचे वकील हसले. "भाई, आ तो कला छे, एमां माप न होय! कलेला कसलं मोजमाप? परीक्षकांनी तिथेच, त्याच पेनाने दुरुस्ती केली."

मी पांडेसऱ्यातल्या मिलमध्ये कापडाचे रंग जुळवतो, कुठल्याही कॉलेजात न शिकता. ट्यूबलाइटखाली आम्ही शेड कधीच पास करत नाही, रंगातला फरक दिवसाच्या उजेडातच कळतो. न्यायाधीशांना म्हणालो, "साहेब, कागद खिडकीशी धरून बघा."

त्यांनी धरला. नऊची शाई निळसर काळी, सातची तपकिरी काळी. वकिलांचं हसू तिथेच आटलं.

साहेबांनी परीक्षकांना बोलावलंय, पण पुढच्या आठवड्यात!

घरी पोरगी घुंगरू बांधून उभीच होती. "पप्पा, मग परवा मी जाणार ना?"

खाडाखोड करणाऱ्यांना उत्तर द्यायला आठवडा मिळाला. मी तिला आत्ता काय उत्तर देऊ, सांगा.