तळ्याभोवतीचं उपनगर

काकूंनी मिटलेली छत्री वर उचलली, की आम्ही बायका चुपचाप त्यांच्या मागे. दुबईत छत्री! बघणाऱ्याला वाटे, डोकं फिरलंय बाईचं. "माझ्या मागून या. आधी उजवीकडे बघा, मग डावीकडे, मगच ओलांडा," त्या बजावत. अहो, ओलांडायचं काय? वसाहतीतल्या तळ्याभोवतीची पायवाट ती. फार तर एखादी मांजर आडवी जायची. पण काकू बघायच्या म्हणजे बघायच्याच, आणि मग आम्हीही.

दुबई इन्व्हेस्टमेंट्स पार्कातली आमची वस्ती. मी डॉक्टरांच्या धाकाने फिरायला जायची, काकू मन रमवायला यायच्या. लग्न होऊन त्या साताऱ्याहून थेट लंडनच्या एका उपनगरात गेल्या आणि सगळा जन्म तिथे काढला. काका गेले. मग एकदा बर्फावरून पाय घसरून काकूंचं मनगट मोडलं, तेव्हा मुलगा त्यांना 'हिवाळ्यापुरतं' म्हणून इकडे घेऊन आला. हिवाळा संपला, उन्हाळा तापला आणि तिकडचं घर विकायची बोलणी सुरू झाली.

"मला परत जायचंय गं," काकू आम्हाला सरळ सांगायच्या. "तो विचारतो, तिकडे कोण आहे तुझं? काय सांगू त्याला?"

त्यांच्या उपनगरात जुना इतिहास जमवणारं एक मंडळ होतं. "मी पहिल्यांदा गेले ती हीटर फुकट म्हणून," त्या हसत सांगायच्या, "आणि बिस्किटं मिळायची." पुढे त्याच मंडळातर्फे त्या लोकांना गाव दाखवत हिंडू लागल्या. छत्री उंच धरायची ती मागचा माणूस चुकू नये म्हणून. विचार करा, तिथल्या गोऱ्या म्हाताऱ्यांना त्यांचंच गाव साताऱ्याची लेक समजावून सांगतेय!

इथे ऐकायला आम्हीच. मग काय, तळ्याभोवती त्यांचं अख्खं उपनगर वसलं. पहिला दिव्याचा खांब म्हणजे स्टेशन. हिरवा बाक म्हणजे वाचनालय. पिण्याच्या पाण्याचा कूलर म्हणजे चर्च.

"इथे आधी काय होतं?" काकू विचारायच्या.

"गवत!" आम्ही शाळेतल्यासारख्या ओरडायचो.

"गवत. लंडनच्या घोड्यांना इथून जायचं. मग आगगाडी आली आणि शेतांत एकासारखी एक घरं उभी राहिली. पुढे बाग, मागे बाग." मग एखाद्या घराची गोष्ट. दोन शेजारी कुंपणाच्या झुडपावरून वर्षानुवर्षं भांडत होते. एक गेला, तर दुसरा मुकाट्याने दोन्ही बाजू कापायला लागला. आमच्या अंगातून घामाच्या धारा लागलेल्या आणि डोळ्यांत त्या मेल्या झुडपासाठी पाणी!

"सिनेमागृह तर कधीच पाडलं म्हणता, मग आम्हाला कशाला दाखवता?" मी एकदा चिडवलं.

"पाडलं म्हणून मी तिथे बसून खाल्लेलं आइस्क्रीम गेलं का?" काकू फणकारल्या.

एका खजुरापाशी मात्र त्या छत्री खाली घ्यायच्या आणि भराभर चालायला लागायच्या. विचारलं तर, "बस स्टॉप. पुढे चला." मला वाटायचं, दमल्या असतील.

एका सकाळी मुलगाच खाली आला. कानात फोनचं बोंडूक. "ताई, तुम्ही तरी समजवा तिला. घराला गिऱ्हाईक आलंय, याच आठवड्यात हो म्हणायचंय. ती तिकडे एकटी कशी राहणार?"

"समजावते," मी म्हटलं. "आधी आमच्याबरोबर एक फेरी मार. यल्ला, चल!"

तो फोनवर बोलत बोलत मागे येत होता. "इथे न्हावी," काकू सांगत होत्या, "आणि शेजारी गोळ्या-चॉकलेटचं दुकान."

"नो, आई. मध्ये चावीवाला होता."

"कुठला रे चावीवाला?"

"अगं, तीन पायांचा कुत्रा होता ना त्याचा!"

"अगं बाई, खरंच की!"

त्याने कानातलं बोंडूक काढून खिशात टाकलं. मग मायलेक अख्ख्या रस्त्याची दुकानं मोजत, भांडत पुढे आणि आम्ही मागे. खजूर आला. काकूंनी छत्री खाली घेतली आणि चालायला लागल्या. पण मुलगा तिथेच थांबला.

"बाबा इथे उभे राहायचे," तो आम्हाला म्हणाला. "हिवाळ्यात शाळा सुटेपर्यंत अंधार व्हायचा. नाइट शिफ्ट करून आलेले असायचे, तरी बसपाशी यायचे. माझे हातमोजे स्वतःच्या कोटात उबेला ठेवलेले असायचे."

काकू वळल्या. "ते गेल्यावरही मी रोज सकाळी त्या स्टॉपपर्यंत जाऊन यायची. आणि तू विचारतोस, तिकडे कोण आहे!"

मला तर रडूच फुटलं. फोन वाजला, त्याने तो बंद केला.

"खलास. घर नाही विकायचं, आई. पण बर्फ असताना एकटीने बाहेर पडायचं नाही. प्रॉमिस?"

"बघू," काकू म्हणाल्या. पण चेहरा असा फुलला होता, की मी मेली आणखीनच रडले.

उन्हाळा सरता सरता काकू लंडनला परत गेल्या. निघताना छत्री मुलाच्या हातात दिली. "तिकडे लागेल ना तुला?" त्याने विचारलं, तर म्हणाल्या, "तिकडे ढीगभर आहेत. ही इथली."

आता रोज सकाळी तो येतो आमच्याबरोबर. छत्री वर धरतो, उजवीकडे बघायला लावतो आणि गवताचं विचारतो. परवा पुण्याहून नुकतीच आलेली एक मुलगी फिरायला आली होती. खजुरापाशी आम्ही सगळे थांबलो, तशी ती गोंधळली.

"इथे का थांबलो?"

"बस स्टॉप आहे," तो म्हणाला. मग घड्याळ बघितलं. "तिकडे अजून अंधार आहे. उजाडलं की आई येईल इथे."