नाहीकाकूंशी भांडण

नाहीकाकूंच्या तोंडून पहिला शब्द ‘नाही’ हाच निघायचा. चहा घेता का विचारलं, तर म्हणायच्या, ‘‘नाही. साखर कमी टाकजो.’’ आज ऊन फार आहे म्हटलं, तर ‘‘नाही. काल याच्याहून जास्त होतं.’’ खरं नाव शकुंतलाबाई. पण बाभुळगावच्या आमच्या ग्रामीण रुग्णालयात परिचारिकांपासून सफाईवाल्या मावशींपर्यंत सगळ्या त्यांना पाठीमागे नाहीकाकूच म्हणायच्या. समोर म्हणायची छाती कोणाचीच नव्हती.

काकू पोस्टाच्या आवर्ती ठेवीच्या एजंट होत्या, म्हणजे आमच्या भाषेत आरडीवाल्या. महिन्याच्या पहिल्या आठवड्यात जुन्या स्कुटीवरून यायच्या. खांद्याला रेक्झिनची पिशवी, पिशवीत रबर लावलेली कार्डं. कोणाचे पाचशे, कोणाचे हजार. पैसे द्यायला कोणी टाळाटाळ केली की काकू तिथेच, रुग्णांसमोर, आवाज चढवायच्या. ‘‘नवा मोबाईल घ्यायले पैसे हायेत, म्हातारपणासाठी नाहीत?’’ बाई ओशाळून पर्स उघडायची. काकूंशी गोड बोलणं कोणाला जमत नसे आणि काकूंना ते नकोच असे.

मी तिथे प्रयोगशाळेत तंत्रज्ञ. माझा नवरा रवी यवतमाळजवळ लोहाऱ्याच्या औद्योगिक वसाहतीत एका कारखान्यात सुपरवायझर. लग्नाला चार वर्षं झाली होती आणि लोहाऱ्याला भाड्याच्या घरात राहायचा आम्हाला कंटाळा आला होता. तिथेच एका नव्या वसाहतीत दोन खोल्या, हॉल, पुढे स्कूटरपुरती जागा असं जोडघर आम्ही पसंत केलं. कर्ज बावीस लाख, मुदत वीस वर्षं, हप्ता एकोणीस हजार ब्याण्णव रुपये. कर्ज मंजूर करून देणारा एजंट पेढे घेऊन घरी आला होता. ‘‘ताई, भाडं भरून दुसऱ्याचं घर मोठं करण्यापेक्षा हप्ता भरून स्वतःचं करा,’’ असं म्हणाला. मला ते इतकं पटलं की पुढचे आठ दिवस मी तेच वाक्य सगळ्यांना ऐकवत होते.

सुरुवातीला भरायच्या रकमेत थोडे पैसे कमी पडत होते, म्हणून काकूंकडची आरडी मोडायची ठरवली. काकू आल्या तेव्हा मी फॉर्म पुढे केला.

‘‘नाही,’’ काकू म्हणाल्या. ‘‘कायले मोडतं?’’

मी कौतुकाने मंजुरीचं पत्र दाखवलं. त्यांनी चष्मा लावला आणि माझ्याच स्टुलावर बसून ते शेवटच्या पानापर्यंत वाचलं. मी स्वतः ते वाचलेलं नव्हतं. ‘‘यात विम्याचे एकाहत्तर हजार कर्जातच घातले. माहीत हाय तुले?’’

मला माहीत नव्हतं. ‘‘विमा चांगलाच असतो ना काकू?’’

‘‘विमा घे न. पण उधारीवर कायले घेतं? वीस वर्षं त्या विम्यावर बी व्याज भरशीन. माह्या बापानं जिंदगीभर अंगठा लावला अन् आमाले शाळेत टाकलं. वाचल्याबिगर सही केली तं तो बी अंगठाच झाला, पोरी.’’

मग त्यांनी एका पावतीच्या पाठीमागे गुणाकार मांडला. दोनशे चाळीस हप्ते. आकडा माझ्यासमोर सरकवला. पंचेचाळीस लाख ब्याऐंशी हजार.

‘‘घर बावीसाचं, अन् देशीन पंचेचाळीस. एका घरात तू राहाशीन, दुसरं त्यायले बांधून देशीन. अन् दर वाढला तं हे बी कमी पडन.’’

खोलीत तेव्हा दोन परिचारिका होत्या, रक्त द्यायला आलेला एक रुग्ण होता. सगळे ऐकत होते. मी म्हटलं, ‘‘काकू, भाडंही तर वायाच जाते ना?’’

‘‘नाही. भाडं परवडलं नाही तं खोली बदलता येते. हे परवडलं नाही तं काय बदलशीन? नवरा?’’

परिचारिका हसल्या. माझ्या कानशिलात आग उठली आणि मी बोलून गेले, ‘‘तुमी जिंदगीभर भाड्याच्या दोन खोल्यात राह्यल्या. घर काय असते, तुमाले काय समजन?’’

काकूंनी चष्मा काढून डबीत ठेवला. फॉर्मवर माझी सही घेतली. तिसऱ्या दिवशी माझे पैसे खात्यात जमा झाल्याची पावती त्यांनी टेबलावर ठेवली, आणि त्यानंतर सहा वर्षं त्या माझ्याशी एक अक्षर बोलल्या नाहीत.

मीही बोलले नाही. वास्तुशांतीला अख्ख्या रुग्णालयाला बोलावलं, काकूंना नाही. त्या वॉर्डात आल्या की मी मुद्दाम मोठ्याने नव्या सोफ्याच्या, पडद्यांच्या गोष्टी करायची. दोन परिचारिकांना काकूंकडची आरडी बंद करून मोबाईलवर पैसे गुंतवायला मी शिकवलं, ते केवळ काकूंचं गिऱ्हाईक तुटावं म्हणून. काकूंना ते कळलं. त्या माझ्या दारावरून जाताना स्कुटीची किल्ली खुळखुळवत म्हणायच्या, ‘‘कोणाले बँकेले घर बांधून द्याचं असन तं या खोलीत विचारा.’’ मी आतून दार लावून घ्यायची.

हप्ता मात्र बिनबोभाट जात होता. पगार आला की पाच तारखेला एकोणीस हजार ब्याण्णव कापले जायचे. इतकं शांतपणे, की त्याचा विचारच येईनासा झाला. मधे कधीतरी व्याजदर वाढल्याच्या बातम्या आल्या. पण आमचा हप्ता तेवढाच राहिला, तेव्हा आपल्याला काही झळ लागली नाही म्हणून रवी खुशीत होता.

सहाव्या वर्षाच्या अखेरीला रवीला आयकरासाठी व्याजाचा दाखला लागला. बँकेने त्यासोबत कर्जाचा पूर्ण उतारा दिला. तो मी कामावर घेऊन आले आणि रिकाम्या वेळात वाचत बसले. आम्ही पावणेचौदा लाख भरले होते. बावीस लाखांच्या मुद्दलातून त्यातले तीनच लाख वळते झाले होते. वीस वर्षांतली सहा गेली, म्हणजे चौदा उरायला हवीत. कागदावर सतरा लिहिली होती. मला वाटलं, छपाईची चूक असेल. बँकेत फोन लावला, तर पलीकडचा माणूस म्हणाला, ‘‘बरोबर आहे मॅडम,’’ आणि फोन ठेवला.

त्याच दिवशी दारात काकू उभ्या राहिल्या. हातात डॉक्टरांनी लिहून दिलेली रक्ततपासणीची चिठ्ठी. पाय सुजलेले होते. दुसरा तंत्रज्ञ रजेवर होता, त्यामुळे दोघींनाही इलाज नव्हता. मी काही न बोलता त्यांच्या उजव्या दंडाला पट्टा बांधायला गेले.

‘‘नाही. डाव्या हाताले टोच.’’

सहा वर्षांनंतरचं हे पहिलं वाक्य. सुई शिरेत होती आणि नळीत रक्त चढत होतं, तेव्हा त्यांची नजर टेबलावरच्या उताऱ्यावर पडली. चष्म्याशिवाय त्यांना अक्षरं दिसली नसावीत, पण कागद कसला आहे ते त्यांनी ओळखलं.

‘‘मुदत वाढवली न त्यायनं?’’

‘‘आता सुई आहे, बोलू नका,’’ मी फटकारलं.

‘‘तू रडणं बंद कर पयले. हात हालून राह्यला तुहा.’’

सुई काढून मी कापूस दाबला. काकू उठल्या आणि दारातून वळून म्हणाल्या, ‘‘सोमवारी अकरा वाजता यवतमाळले बँकेत येजो. नवऱ्याले बी आण. कर्जावर त्याची बी सही हाय न?’’

काकू माझ्या मदतीला येणार की माझी फजिती पाहायला, ते मला सोमवारपर्यंत कळत नव्हतं. बँकेतला अधिकारी तरुण, नम्र, टाय लावलेला होता. त्याने आम्हाला बसवलं आणि समजावलं, ‘‘दर वाढला तेव्हा आम्ही तुमचा हप्ता वाढवला नाही, मॅडम. तुमच्याच सोयीसाठी मुदत वाढवली.’’

‘‘पुसलं होतं का हिले?’’ काकूंनी विचारलं.

‘‘मेसेज गेला असेल.’’

‘‘नाही. पुसलं होतं का?’’

तो रवीकडे पाहून हसला. बायकांचं मनावर घेऊ नका, असं ते हसू होतं. काकूंनी चष्मा लावून आमचा उतारा वाचला आणि खुर्ची पुढे ओढली. ‘‘इकडे पाहा, साहेब. आज नवीन माणूस घर घ्यायले आला तं किती टक्क्यानं देता?’’

‘‘पावणेनऊ.’’

‘‘अन् हिच्याकडून पावणेदहा घेऊन राह्यले. जुनं गिऱ्हाईक म्हंजे काय घरचा बैल हाय का, कसाही जुंपला तं चालते?’’

आजूबाजूच्या टेबलांवरची माणसं पाहू लागली. रवीने माझा हात दाबला, चल म्हणून. मीही उठायच्या बेतात होते. लाज मला आजही चटकन वाटते. काकूंनी मात्र आमच्याकडे पाहिलंच नाही. दर कमी करायचा अर्ज, त्याची फी, हप्ता वाढवून मुदत कमी करायचा अर्ज, असं एकेक त्या मागत गेल्या. दीड तासाने अधिकाऱ्याने दोन्ही अर्ज काढून दिले. पावणेनऊ टक्के, हप्ता बावीस हजार. त्याने संगणकावर आकडा टाकला आणि पडदा आमच्याकडे वळवला. सतरा वर्षांची साडेअकरा झाली होती.

‘‘महिन्याले तीन हजारानं साडेपाच वर्षं वाचली,’’ काकू रवीला म्हणाल्या. ‘‘दिवाळीचा बोनस मुद्दलात टाकाचा. नवीन सोफा नाही आणाचा.’’ सोफ्याच्या माझ्या गोष्टी त्यांनी सगळ्या ऐकल्या होत्या तर.

बाहेर ऑटोची वाट पाहत आम्ही पायऱ्यांवर उभ्या होतो. रवी पाणी आणायला गेला होता. काकू रस्त्याकडे पाहत बोलल्या, ‘‘आमचं घर होतं बाभुळगावले. माहे मालक शाळेत शिपाई होते. अकरा वर्षं हप्ता भरला त्यायनं, एक चुकवला नाही. मले वाटे, आता थोडंसंच राह्यलं असन. ते गेले अन् मी बँकेत गेली, तं अर्ध्याच्या वर मुद्दल तसंच होतं. पयले व्याज खाते, मंग मुद्दल, हे मले कोणं सांगतलंच नव्हतं. मी बी पुसलं नाही. घर इकून टाकलं.’’

‘‘काकू, त्या दिवशी मी...’’

‘‘ऑटो आला,’’ काकू म्हणाल्या आणि जाऊन बसल्या.

त्यांच्या रक्ताचा अहवाल माझ्याच हातून गेला होता. मूत्रपिंडं निकामी होत चालली होती. दुसऱ्या आठवड्यात काकूंनी मला दारात गाठलं. ‘‘डॉक्टर गोल गोल बोलून राह्यला. आकडा तू सांग.’’ मी सांगितला. चांगला आकडा किती असतो तेही त्यांनी विचारलं, मी तेही सांगितलं. त्यांनी ‘नाही’ न म्हणता मान डोलावली. एवढी चांगली वागणूक त्यांनी मला पहिल्यांदाच दिली.

मी त्यांच्याकडे पुन्हा आरडी सुरू केली. पण म्हणून आमचं गूळपीठ झालं, असं नाही. त्या एकदाच आमच्या घरी आल्या आणि चहाचा कप हातात घेऊन भिंतीला गेलेली चीर शोधत फिरल्या. एका दिवाळीला आम्ही बोनसमधून वॉशिंग मशीन घेतलं, तर काकू चार महिने माझ्याकडून पैसे घ्यायलाही आल्या नाहीत. दुसरीकडून निरोप पाठवला, ‘‘तिले म्हणा, कपडे धुऊन झाले का?’’ मी इतकी संतापले की पुढचा बोनस सगळाच्या सगळा बँकेत नेऊन भरला आणि पावती त्यांच्या पिशवीत कोंबली.

चार वर्षांनी डायलिसिस सुरू झालं तशी स्कुटी सुटली. काकूंना मूल नव्हतं. नेरला धाकटी बहीण होती, तिच्याकडे त्या राहायला गेल्या. जाण्याआधी प्रत्येकीच्या घरी जाऊन त्यांनी कार्डं पोचवली आणि प्रत्येकीशी काही ना काही कारणाने भांडूनही घेतलं. मी एका रविवारी नेरला गेले. काकू अंगणात बाजेवर पडल्या होत्या, खूप वाळल्या होत्या.

‘‘किती राह्यलं मुद्दल?’’

‘‘तेरा लाख.’’

‘‘ऑगस्टमंधे किती होतं?’’

मला आठवेना. त्यांनी तोंड भिंतीकडे फिरवलं. मी तशीच बसून राहिले आणि मग एका दमात म्हणून टाकलं, ‘‘काकू, घर काय असते तुमाले काय समजन, असं मी बोलली होती. चुकलं माझं.’’

बहीण ताक घेऊन आली, ठेवून गेली.

‘‘तू भाड्याच्या खोलीचं बोलली, ते खरं होतं,’’ काकू भिंतीकडेच पाहत म्हणाल्या. ‘‘खोट्याचा मले राग नाही येत. ताक पे, अन् जाय आता. उतारा आणल्याबिगर येजो नको.’’

मी उतारा मागवला. तो हातात पडायच्या आधीच काकू गेल्या.

आम्ही नेरला पोचलो तेव्हा बहिणीच्या अंगणात माणसं मावत नव्हती. आमच्या रुग्णालयाच्या मावशी, पंचायत समितीतले कारकून, दोन शिक्षिका, एक पानठेलेवाला. सगळी काकूंची गिऱ्हाइकं. बुद्धवंदना झाली, पाणी फिरलं आणि मग हळूहळू बोलणं सुरू झालं. पानठेलेवाला म्हणाला, ‘‘मले चार लोकायसमोर बेअक्कल म्हणलं होतं बुढीनं.’’ एक शिक्षिका म्हणाली, ‘‘माझ्या नवऱ्याच्या हातातून गाडीच्या कर्जाचा कागद हिसकून फाडला. आठ दिवस घरात अबोला होता आमच्या.’’ मावशी म्हणाल्या, ‘‘मले तं पोरीच्या लग्नात बी टोकलं. मांडवात!’’ मी वॉशिंग मशीनचं सांगितलं. जो तो आपला अपमान सांगत होता, आणि दुसऱ्याचा आपल्याहून मोठा निघाला की हिरमुसत होता.

बाहेर कोणीतरी ओरडलं की यवतमाळची शेवटची एसटी लागली आहे. दोघं-तिघं उठले, चपला शोधल्या आणि दारातच थांबले, कारण पानठेलेवाल्याने नवी गोष्ट सुरू केली होती. थोड्या वेळाने एसटी निघून गेल्याचा आवाज आला. कोणी तिकडे पाहिलं नाही. शिक्षिकेने चपला काढल्या, सतरंजीवर परत येऊन बसली आणि म्हणाली, ‘‘मग? पुढे काय म्हणाल्या?’’