‘जाते’ म्हणायचं होतं

माझ्या ऑफिसातल्या एका आयरिश सहकाऱ्याने तिकडच्या मित्रांना हाताशी धरून भुताचा सिनेमा काढला. शूटिंग सगळं आयर्लंडमध्ये झालं. एका घरात अडकलेलं परदेशी बाईचं भूत शेवटी सुटतं आणि स्वतःच्या भाषेत ‘मी जाते’ म्हणून निघून जातं, अशी गोष्ट. त्या भुताला आवाज माझा.

रेकॉर्डिंग हॅरिस पार्क या उपनगरातल्या माझ्या भाड्याच्या फ्लॅटवर झालं, तेही कपड्यांच्या कपाटात, कारण कपड्यांमुळे आवाज घुमत नाही. जानेवारीतली, म्हणजे इथल्या भर उन्हाळ्यातली दुपार, दार बंद, थंडीतले कोट नाकाला चिकटलेले. बाहेरून हा प्राणी ‘वन मोर, मेट’ म्हणत राहिला. दहाव्या वेळी माझं डोकं फिरलं. एकदाची सुटका व्हावी म्हणून तोंडाला आलं ते बोलले, आणि त्याला नेमकं तेच आवडलं.

सिनेमा इथे एका छोट्या थिएटरात लागला, तेव्हा मी टूनगॅबीच्या मैत्रिणीला घेऊन गेले. शेवटी पडद्यावरचं दार उघडलं, उजेड आला आणि माझा आवाज म्हणाला, ‘बरं, येते मी.’

मैत्रिणीने मला कोपराने ढोसलं. “येते काय? म्हणजे ही परत येणार.”

घरातून निघताना ‘जाते’ म्हणायचं नाही, हे आईने लहानपणी दटावून दटावून अंगात मुरवलं होतं.

बाहेर सहकारी डोळे पुसत उभा होता. त्या शेवटच्या शब्दांचा नेमका अर्थ काय, असं त्याने विचारलं. मी म्हटलं, “आय ॲम गोइंग.”

बाई अजून त्याच घरात आहे.