कूलरपलीकडची इतवारी

मे महिन्यात नागपूरला जाणाऱ्या माणसाच्या डोक्यावर परिणाम तरी झालेला असतो, नाहीतर मनावर ओझं तरी असतं. माझं दोन्ही होतं. पुण्याहून निघून मी लकडगंजात ताईच्या दारात उतरलो तेव्हा सकाळचे नऊ वाजले होते आणि ऊन बाराचं होतं.

ताई लग्न होऊन इथे आली त्याला तीस वर्षं झाली. भाषाही आता पक्की इथली बोलते. भाऊजी इतवारीत धान्याची दलाली करायचे. गेल्या जूनमध्ये ते गेले आणि मी आलो नाही. "रिझर्वेशन मिळालं नाही," असं फोनवर सांगून टाकलं. खरं तर मिळालं होतं. खालचा बर्थ, खिडकीजवळचा. तो मीच रद्द केला. हे ताईला सांगायचं म्हणून मी आलो होतो.

पहिले तीन दिवस मी इतर सगळ्या विषयांवर बोललो. ऊन, पुण्यातली वाहतूक, माझा गुडघा. तर्री-पोह्यांवर तर (तर्री म्हणजे पोह्यांवर ओततात तो हरभऱ्याचा झणझणीत रस्सा) मी अर्धा तास व्याख्यान दिलं. ताई "हो का?" एवढंच म्हणायची. भिंतीवर भाऊजींची परखी टांगलेली होती. परखी म्हणजे पोत्यात खुपसून आतला दाणा बघायची पोकळ लोखंडी सळई. मी तिच्याकडे पाठ करून बसायचो.

चौथ्या दिवशी दुपारी शेजारच्या तिघी बायका सरगुंडे करायला आल्या (भिजवलेल्या कणकेची बारीक दोरी काडीवर गुंडाळायची आणि वाळवायची, वर्षभर पुरतात). उन्हामुळे सगळ्यांनी कूलरपुढेच बैठक मारली. मी पाटवडी-रस्सा जेवून तिथेच दिवाणावर लवंडलो. कूलर ट्रकसारखा घरघरत होता. त्या घरघरीतच केव्हातरी प्रवासाला निघालो.

उतरलो तो इतवारीत. तीच गल्ली, तीच भांड्यांची दुकानं, त्याच हातगाड्या. फक्त आवाज नव्हता. इतवारीत आवाज नाही म्हणजे आपण मेलो, असा मी साधा हिशेब केला. खात्री करावी म्हणून एका हमालाला विचारायला गेलो, "माफ करा हं, आपल्याला त्रास देतोय, पण हे नेमकं कोणतं ठिकाण म्हणायचं?" आवाज फुटला नाही. त्याऐवजी धपाधप पाच पोती माझ्या पायाशी पडली आणि गल्ली बंद झाली. मागे हातगाड्या तुंबल्या.

हमालाने कपाळाला हात लावला. मग त्याने तोंड उघडलं. एक लहानसं, गच्च भरलेलं पोतं पडलं. त्यात त्याने परखी खुपसली, तेव्हा कुठे आवाज बाहेर आला.

"पुण्याचे का गा तुमी?"

पुढचं सगळं संभाषण असंच परखीने झालं. इथे बोललेलं विरत नाही, असं त्याने सांगितलं. जेवढं मनातून आलं तेवढा दाणा, बाकी भुसा. माझी पाच पोती त्याने तपासली. चारांत भुसा निघाला.

"तुमचा एक जुना माल पडून हाय," तो म्हणाला. "वर्ष होत आलं. उचला तरी, नाहीतं भरा तरी. जागा अडवून राहिला."

गोदामात माझं पोतं होतं. मोठं, टुमटुमीत, दिसायला फार प्रतिष्ठित. परखी घातली तर फुस्स करून "रिझर्वेशन मिळालं नाही" निघालं, आणि मूठभर भुसा. शेजारी एक छोटं पोतं होतं. मी सहज त्यातही परखी घातली.

"का म्हंते पुणं? कवा येतं मंग?"

भाऊजी. दर रविवारी फोनवर हेच विचारायचे आणि मला दर वेळी वाटायचं, औपचारिक विचारताहेत. काठोकाठ दाणे होते हो त्यात. मी तिथेच खाली बसलो आणि रडलो. रडण्याचं मात्र पोतं होत नाही, तेवढी सोय आहे.

"भरायचं कसं?" मी विचारलं.

"खरं बोलून. दुसरं का हाय इथं?"

मी सगळा जोर लावला. "तिकीट होतं, ताई! मीच रद्द केलं! तुला रडताना बघायची हिंमत नव्हती माझ्यात!"

आणि जागा झालो. खोलीत विलक्षण शांतता होती. लाईट गेली होती. कूलर बंद. चारही बायका काड्या हातात धरून माझ्याकडे बघत होत्या.

"वं ताई, हा तं झोपेतच कबूल झाला!" शेजारच्या कमलाबाई म्हणाल्या.

"कूलर बंद पडला म्हणून नीट आयकू आलं," ताई म्हणाली. "मले माहीतच होतं. तिकीट भेटलं, निघतो, असा मेसेज तूच केला होता. दोन घंट्यानं म्हणे भेटलंच नाही."

इतका साधा गाढवपणा मी केला होता आणि वर्षभर विसरून बसलो होतो.

"मग बोलली का नाहीस?"

"तू सांगशील म्हणून वाट पाहून राहिली होती. आता जागेपणी सांग."

कमलाबाईंनी माझ्या हातात काडी दिली. "घ्या भाऊ, हात चालवा. बोलनं सोपं जाते." मी सरगुंडे वळत वळत पुन्हा सगळं सांगितलं, चौघींसमोर. माझे सरगुंडे भयानक झाले. ताईने ते मोडले नाहीत, तसेच वाळत घातले.

निघताना मी विचारलं, "राग गेला का?"

"अर्धा गेला," ताई म्हणाली. "पुढच्या महिन्यात त्यांचं वर्षश्राद्ध हाय. उरलेला तवा पाहू."

असं चोख भरलेलं वाक्य मी बऱ्याच दिवसांत ऐकलं नव्हतं. लोक नागपूरहून संत्राबर्फी आणतात, मी हे घेऊन निघालो. गाडी वर्ध्याला पोचायच्या आत पुढच्या महिन्याचं तिकीट काढायला बसलो. पाच गाड्या पाहिल्या. मग ताईला फोन लावला.

"ताई, रिझर्वेशन मिळत नाहीये गं. शप्पत, खरंच नाही."

पलीकडे ताई वर्षभरात पहिल्यांदा खळखळून हसली.

"मंग बसनं ये."